कापडाची लांबी आणि माणसाचे मोल

गेल्या जपमाळेच्या महिन्यात अकलूजमध्ये आमच्यापैकी काही कुटुंबे एका घरी प्रार्थनेसाठी जमली होती. अकलूजसारख्या गावात आपली माणसे मूठभरच. त्यामुळे प्रार्थना आटोपली तरी कुणी लगबगीने उठत नाही. चहा आला, गप्पा सुरू झाल्या आणि घरच्या कॉलेजात जाणाऱ्या मुलीच्या मोबाईलवर कुठल्याशा फॅशन शोचे चित्र दिसल्यावरून विषय निघाला. एक वडीलधारे गृहस्थ तावातावाने म्हणाले, "या मॉडेल बायांनी आपल्या मुली बिघडवल्या!" सर्वांनी माना डोलावल्या. पाच मिनिटे गेली नसतील, तोच तेच गृहस्थ अभिमानाने सांगू लागले, "पण काही म्हणा, जगत्सुंदरीचा मुकुट आशियात प्रथम आणला तो आपल्याच एका कॅथलिक मुलीने." पुन्हा सर्वांनी माना डोलावल्या. ती मुलगी तेवढी हसली आणि म्हणाली, "काका, मग कोणी बिघडवलं आणि कोणी नाव काढलं, हे ठरवायचं कसं?"

तिला कोणी उत्तर दिले नाही. मीही दिले नाही. आयुष्याची तीस वर्षे मुलींना शिकवण्यात घालवलेल्या बाईने एका मुलीच्या सरळ प्रश्नापुढे गप्प बसावे, याची मला नंतर लाज वाटली. त्या लाजेपोटी हा लेख लिहीत आहे. माझे म्हणणे आरंभीच सांगून टाकते. सौंदर्याच्या या बाजाराविरुद्ध आपण गेली साठ वर्षे जी ओरड करीत आलो, ती बहुतांशी चुकीच्या ठिकाणी केली. आपण कापडाची लांबी मोजली; ज्या माणसाच्या अंगावर ते कापड आहे, तिची मजुरी, तिची भूक आणि तिचा करारनामा मोजला नाही. आणि त्याहूनही वाईट म्हणजे, त्या बाजाराचा काटा आपण आपल्या घरात आणून ठेवला आणि आपल्याच मुली त्यावर तोलल्या.

ज्या मुलीचा अभिमान आपण सांगतो तिच्यापासूनच सुरुवात करू. रीटा फारिया या मुंबईत वाढलेल्या गोवेकर कॅथलिक कुटुंबातील मुलगी. १९६६ साली त्या मुंबईच्या ग्रँट मेडिकल कॉलेजात शिकत होत्या. 'ईव्हज वीकली' या नियतकालिकाच्या स्पर्धेतून त्यांची निवड झाली आणि त्याच वर्षीच्या नोव्हेंबरात लंडनमध्ये त्या जगत्सुंदरी ठरल्या. हा मान मिळवणाऱ्या त्या आशियातील पहिल्या स्त्री. जाताना खिशात तीन पौंड होते आणि पोहण्याचा पोशाख पर्सिस खंबाटा यांच्याकडून उसना घेतलेला होता, ही हकिकत पुष्कळांनी सांगितलेली आहे. आपल्या घराघरांतून या कथेचा एवढाच भाग सांगितला जातो. पुढचा भाग मात्र सहसा कोणी सांगत नाही.

मुकुट डोक्यावर चढल्यानंतर महिन्याभरातच, १९६६च्या डिसेंबरात, या वैद्यकीय विद्यार्थिनीला अमेरिकन विनोदी नट बॉब होप यांच्या ताफ्याबरोबर व्हिएतनाममध्ये अमेरिकन सैनिकांच्या करमणुकीसाठी नेण्यात आले. भारतात त्यावरून टीका झाली. एका परक्या युद्धात, परक्या सैनिकांपुढे एका भारतीय मुलीने उभे राहावे का, हा प्रश्न तेव्हा विचारला गेला आणि तो योग्यच होता. परंतु तो प्रश्न तिला विचारला गेला. मुकुटाच्या मालकांना कोणी विचारला नाही. जगत्सुंदरीचा किताब ही शेवटी एका खासगी कंपनीची मालमत्ता असते आणि तो धारण करणारी मुलगी वर्षभर तिच्या दिमतीला असते, हे तेव्हाही कोणी नीट पाहिले नाही आणि आजही पाहत नाही.

वर्ष संपल्यावर रीटा फारियांनी काय केले? चित्रपटांच्या मागण्या आल्या होत्या. त्या नाकारून त्या पुन्हा अभ्यासाला लागल्या. लंडनच्या किंग्ज कॉलेज हॉस्पिटलमध्ये शिकल्या, १९७१ साली डॉ. डेव्हिड पॉवेल यांच्याशी विवाह केला आणि पुढे डब्लिनला स्थायिक होऊन वैद्यकीय व्यवसाय केला. ज्या बाजाराने त्यांना वर्षभर मिरवले, त्याच्याकडे त्यांनी पाठ फिरवली. त्या मुलीच्या प्रश्नाला उत्तर शोधायचे तर ते इथे सापडते. मुकुट मिळाला म्हणून त्यांनी नाव काढले असे नाही. हाती दुसरी विद्या होती, म्हणून त्या बाजाराला नकार देऊ शकल्या. आपण मात्र नकार विसरलो आणि मुकुट लक्षात ठेवला.

आता हा बाजार मुळात आहे तरी काय, तेही पाहू. एकोणिसाव्या शतकाच्या मध्यास पॅरिसमध्ये चार्ल्स फ्रेडरिक वर्थ या इंग्रज वस्त्रकाराने आपले पोशाख जिवंत स्त्रियांच्या अंगावर घालून गिऱ्हाइकांना दाखवण्याची रीत पाडली. त्याची पत्नी मारी व्हर्ने ही अशा स्त्रियांपैकी अगदी पहिली. फ्रेंच भाषेत या व्यवसायातील स्त्रीला 'मॅनेकिन' म्हणतात आणि दुकानातल्या पुतळ्यालाही तोच शब्द आहे. एवढ्या एका शब्दात या धंद्याची सारी अडचण सामावलेली आहे. पुतळ्याला पोट नसते, वय नसते, मत नसते. म्हणून जिवंत स्त्रीनेही ती नसल्यासारखे वागावे, अशी अपेक्षा धंदा करतो.

विसाव्या शतकात या कामाच्या एजन्सी निघाल्या. न्यूयॉर्कमध्ये १९४६ साली आयलीन फोर्ड यांनी काढलेली एजन्सी त्यांत प्रसिद्ध. १९६६ साली, म्हणजे रीटा फारियांच्याच वर्षी, लंडनमध्ये ट्विगी या टोपणनावाची सोळा वर्षांची काटकुळी मुलगी त्या वर्षाचा चेहरा म्हणून गाजली आणि मोठ्या माणसांच्या कपड्यांचे माप एका किशोरीच्या अंगावर बेतले जाऊ लागले. पुढे १९९०च्या जानेवारीत ब्रिटिश 'व्होग' मासिकाच्या मुखपृष्ठावर पीटर लिंडबर्ग यांनी टिपलेले पाच तरुणींचे छायाचित्र आले: नाओमी कॅम्पबेल, लिंडा इव्हेंजेलिस्टा, तात्याना पातिट्झ, क्रिस्टी टर्लिंग्टन आणि सिंडी क्रॉफर्ड. 'सुपरमॉडेल' हा शब्द घरोघरी गेला तो या पाचजणींमुळे. त्यापूर्वी कपडा प्रसिद्ध असे आणि तो घालणारी अनामिक राही. आता कपड्यापेक्षा ती मोठी झाली.

लिंडा इव्हेंजेलिस्टा यांनी त्याच वर्षी, दिवसाला दहा हजार डॉलरपेक्षा कमी मिळणार असतील तर आम्ही अंथरुणातून उठतसुद्धा नाही, अशा आशयाचे उद्गार काढले आणि जगभर त्यांची छी-थू झाली. उर्मटपणा होता, हे मान्य. पण जरा थांबून विचार करा. आपल्या श्रमाची किंमत स्वतः ठरवणारी कामकरी स्त्री जगाला एवढी का झोंबली? तिच्या छायाचित्रावर कोट्यवधी कमावणाऱ्या अत्तरवाल्यांच्या आणि कापडवाल्यांच्या नफ्याबद्दल कोणी असे चिडल्याचे स्मरत नाही. माझा आक्षेप वेगळा आहे. त्या पाचजणींना जे मिळाले ते त्यांच्या मागे रांगेत उभ्या असलेल्या हजारो मुलींना मिळाले नाही. पाचांचे नाव पाहून पाच हजार मुली घराबाहेर पडल्या. एजन्सी मुलीच्या कमाईतून सर्वसाधारणपणे पाचवा हिस्सा कापते. शिवाय विमानाचे भाडे, राहण्याची खोली, छायाचित्रांचा खर्च हे सारे तिच्या नावावर उचल म्हणून लिहिले जाते. आमच्या भागात ऊसतोडीच्या मुकादमाची उचल काय असते, हे लहान पोरालाही ठाऊक आहे. पॅरिसमधल्या त्या खोलीत राहणारी सतरा वर्षांची मुलगी त्याच उचलीत असते. फरक एवढाच, की तिच्या हाती कोयता नसतो आणि तिच्या दुःखाला कोणी दुःख म्हणत नाही.

हे वारे महाराष्ट्रात पोचायला वेळ लागला नाही. १९९१ साली देशाची बाजारपेठ खुली झाली, घरांवर केबलच्या तारा आल्या आणि परदेशी सौंदर्यप्रसाधनांना गिऱ्हाईक हवे झाले. १९९२ साली नागपूरची एक मराठी मुलगी, मधू सप्रे, 'मिस इंडिया' झाली आणि बँकॉकच्या विश्वसुंदरी स्पर्धेत तिसऱ्या क्रमांकापर्यंत पोचली. मधू मूळची खेळाडू. देशाची सूत्रे हाती आली तर काय कराल, या प्रश्नाला तिने मोठे क्रीडासंकुल बांधीन, असे उत्तर दिले. गरीब देशाच्या मुलीने गरिबीविषयी बोलायचे सोडून मैदानाविषयी बोलावे, हे परीक्षकांना रुचले नाही आणि त्या उत्तरापायी मुकुट गेला, असे तेव्हापासून सांगितले जाते.

याच्या शेजारी दुसरे एक उत्तर ठेवा. २००० साली लंडनमध्ये प्रियांका चोप्रा यांना, आज हयात असलेली सर्वांत यशस्वी स्त्री कोण, असे विचारण्यात आले. त्यांनी मदर तेरेसांचे नाव घेतले. मदर तेरेसा १९९७च्या सप्टेंबरातच प्रभूच्या घरी गेल्या होत्या. मुकुट तरीही मिळाला. प्रियांका तेव्हा अवघ्या अठरा वर्षांच्या होत्या. त्यांना दोष देण्याचे मला कारण नाही. प्रश्न परीक्षकांचा आहे. मैदानावर धावलेल्या मुलीने मनातले खरे सांगितले तर ते कमी भरते आणि कोलकात्याच्या रस्त्यांवर मरणाऱ्यांना उचलून नेणाऱ्या साध्वीचे नाव, ती जिवंत आहे की नाही याचीही फिकीर न करता, तोंडी लावले तर ते पुरेसे भरते. आपल्या संतांची नावे अशा रंगमंचावर पावडर-लालीसारखी वापरली जातात, तेव्हा आपल्याला संताप यायला हवा होता. आपण टाळ्या वाजवल्या; कारण मदरांचे नाव घेतले गेले.

आपल्याला संताप आला तो कशाचा? १९९५ साली एका बुटांच्या जाहिरातीत मधू सप्रे आणि मिलिंद सोमण हे दोघे अंगावर अजगर लपेटून, पायांत बूट घालून, बाकी विवस्त्र उभे राहिले. मुंबईत खटला झाला. तो चौदा वर्षे चालला आणि २००९ साली आरोपींची निर्दोष सुटका झाली. त्या जाहिरातीचे समर्थन करण्यास मी बसलेली नाही. माझ्या वर्गातील मुलींनी ती पाहावी, असे मला तेव्हाही वाटले नव्हते. परंतु त्या वादात एक गोष्ट कोणी बोलले नाही. बूट विकायला माणसाचे शरीर का लागते? उघडे शरीर अश्लील आणि झाकलेले शरीर बूट विकू लागले तर ते सभ्य, असा निवाडा आपण स्वीकारला आणि मूळ प्रश्न सुटून गेला.

पुढच्या वर्षी, १९९६च्या नोव्हेंबरात, बंगळुरात जगत्सुंदरी स्पर्धा भरली तेव्हाही तेच झाले. निदर्शने झाली, धमक्या आल्या, मदुराईत एका तरुणाने निषेधार्थ स्वतःला जाळून घेतले. तोडगा काय निघाला? पोहण्याच्या पोशाखातील फेरी सेशेल्स बेटांवर हलवण्यात आली. म्हणजे ज्या गोष्टीला विरोध होता, ती बंद झाली नाही. समुद्रापलीकडे नेली एवढेच. एका तरुणाचा जीव गेला आणि बाजाराचा एक तंबू हलला. विरोध जर केवळ कापडाला असेल, तर बाजार कापड बदलतो, जागा बदलतो आणि चालू राहतो.

या साऱ्याचा अकलूजशी काय संबंध, असे वाचक विचारतील. संबंध जवळचा आहे. सुश्मिता सेन आणि ऐश्वर्या राय यांनी १९९४ साली दोन मुकुट आणले आणि देशाने दिवाळी केली. त्याच्या आदल्याच वर्षी, १९९३ साली, आमच्या अकलूजमध्ये सहकारमहर्षी शंकरराव मोहिते-पाटील यांच्या जयंतीनिमित्त राज्यस्तरीय लावणी स्पर्धा सुरू झाली. या दोन रंगमंचांची तुलना करण्याचे धाडस मी करते. कुणाला राग आला तर यावा.

लावणी करणारी कलावंत नऊवारी नेसते. डोक्यापासून पायापर्यंत ती झाकलेली असते. तिच्या पायांत घुंगरांचे ओझे असते आणि त्या ओझ्यासकट ताल न चुकवता तासन्‌तास नाचायला वर्षानुवर्षांची मेहनत लागते. ती गळ्याने गाते, डोळ्यांनी बोलते, अभिनय करते. तरीही पिढ्यान्‌पिढ्या सभ्य समाजाने तिला दाराबाहेर ठेवले; तिच्या मुलांना बापाचे नाव मिळाले नाही. सोलापूर जिल्ह्यातच जन्मलेल्या किशोर शांताबाई काळे यांचे 'कोल्हाट्याचं पोर' हे आत्मकथन १९९४ साली, म्हणजे नेमके त्या दोन मुकुटांच्या वर्षी, प्रसिद्ध झाले. नाचणाऱ्या आईचा हा मुलगा आईचेच नाव लावून डॉक्टर झाला आणि तोही त्याच ग्रँट मेडिकल कॉलेजात, जिथे रीटा फारिया शिकल्या होत्या. एकाच महाविद्यालयाच्या पायऱ्या चढलेल्या या दोघांपैकी एकीच्या रंगमंचाला जगाने मुकुट म्हटले आणि दुसऱ्याच्या आईच्या रंगमंचाला कलंक म्हटले. कापडाच्या लांबीवर सभ्यता ठरत असती, तर हा निकाल बरोबर उलटा लागला असता. सभ्यता कापडावर ठरत नव्हती. कोणत्या जातीची, कोणत्या वर्गाची, कोणती भाषा बोलणारी बाई रंगमंचावर उभी आहे, यावर ती ठरत होती.

अकलूजच्या स्पर्धेने केलेले काम म्हणूनच मला मोठे वाटते. फडात पुरुषांपुढे नाचणारी कलावंत येथे परीक्षकांपुढे उभी राहिली; घरंदाज बायका आपल्या घरच्यांसह तिला पाहू लागल्या. तिच्या रूपाला नव्हे, तर तिच्या अंगच्या विद्येला गुण मिळाले. तिची सारी दुःखे सरली, असे मी म्हणत नाही. ती सरली नाहीत. पण माणसाला विद्येने जोखायचे की देहाच्या मापाने, यांतला फरक ज्यांना डोळ्यांनी पाहायचा असेल, त्यांना पॅरिसला जाण्याची गरज नाही.

याच गावातली आणखी एक मुलगी. २०१६च्या एप्रिलात नागराज मंजुळे यांचा 'सैराट' आला आणि अकलूजची शाळकरी रिंकू राजगुरू महाराष्ट्राला ठाऊक झाली. सावळी, धट्टीकट्टी, बुलेट चालवणारी, खणखणीत गावरान बोलणारी ही नायिका जाहिरातींतल्या कोणत्याच मापात बसणारी नव्हती. त्या वर्षी आमच्या शाळांतल्या मुली आरशात पाहून जरा ताठ उभ्या राहू लागल्या होत्या. ते मी डोळ्यांनी पाहिले आहे. तिच्यामागे एवढी गर्दी लोटली की तिला नेहमीसारखे शाळेत जाणे अशक्य झाले आणि दहावीची परीक्षा बाहेरून द्यावी लागली. आणि मग काही काळाने गावात चर्चा कशाची? ती बारीक झाली का, उजळली का! ज्या मुलीने आम्हाला आमचा चेहरा परत दिला, तिलाही आम्ही त्याच काट्यावर बसवले.

आता जरा आपल्या घरात येऊ. हिंदुस्थान लिव्हरने १९७५ साली 'फेअर अँड लव्हली' हे मलम बाजारात आणले. सावळ्या मुलीला नोकरी नाही, नवरा नाही आणि गोरी झाली की दोन्ही आहेत, अशी गोष्ट त्याच्या जाहिराती वर्षानुवर्षे सांगत राहिल्या. २०१४ साली जाहिरातदारांच्याच मानक परिषदेने, सावळ्या वर्णाला कमी लेखू नका, असा नियम घातला आणि २०२० साली कंपनीने नावातला 'फेअर' शब्द काढून 'ग्लो' केला. पंचेचाळीस वर्षांनी का होईना, एका कंपनीला शब्द बदलावा लागला. आपल्या विवाह-नोंदणीच्या वह्यांतला शब्द बदलला का? 'कॅथलिक, गोरी, सडपातळ, उंच, कॉन्व्हेंटमध्ये शिकलेली': हे शब्द कोणत्या एजन्सीने लिहिले? ते आपण लिहिले, आपल्या मुलांसाठी आणि आपल्या चर्चच्या आवारात. माझ्या एका विद्यार्थिनीला, उत्तम शिकलेल्या, प्रार्थनाशील मुलीला, पाहायला आलेल्या मंडळींनी खिडकीजवळ उभे राहायला सांगितले, उजेडात रंग दिसावा म्हणून. मंडळी धार्मिक होती. जेवणापूर्वी त्यांनी प्रार्थनाही केली. त्या क्षणी त्या खोलीत आणि त्या स्पर्धांच्या रंगमंचावर काय अंतर होते, हे मला अजून कोणी समजावून सांगितलेले नाही. किंबहुना रंगमंचावरची मुलगी निदान स्वतः चालत गेलेली असते.

विपर्यास असा, की मुंबईची उज्ज्वला राऊत, १९९६ची 'फेमिना लुक ऑफ द इयर', पुढे पॅरिस-न्यूयॉर्कच्या मोठमोठ्या शोमध्ये चालली ती आपल्या सावळ्या रंगासकट. ज्या रंगाला परदेशच्या बाजाराने नवलाई म्हणून किंमत दिली, त्या रंगाला आपल्या घरात मलम लावले जात होते. परदेशी बाजाराने तिचा सन्मान केला, असे समजण्याचे कारण नाही. त्यानेही रंग विकलाच. पण आपण तर तो फुकटात नाकारला.

या धंद्याचे खरे पाप कोणते, तेही सांगायला हवे. नाहीतर मी त्याची वकिली करते आहे, असा समज व्हायचा. ते पाप म्हणजे भूक. २००६ साली उरुग्वेची लुइसेल रामोस ऑगस्टमध्ये आणि ब्राझीलची आना कॅरोलिना रेस्टन नोव्हेंबरमध्ये मरण पावली. दोघी विशीच्या आसपासच्या, दोघी मॉडेल, दोघींनी अंग बारीक राखण्यापायी अन्न तोडले होते. पिकाने भरलेल्या जगात उपासाने मेलेल्या या मुली कोणत्याही दुष्काळाच्या यादीत नाहीत. त्याच वर्षी माद्रिदने उंचीच्या मानाने फार कमी वजनाच्या मुलींना रॅम्पवर मनाई केली. फ्रान्सने २०१७ पासून मॉडेलला डॉक्टरांचा दाखला सक्तीचा केला आणि जाहिरातीतील शरीर यंत्राने बारीक वा जाड केले असेल तर तसे छापण्याचे बंधन घातले. न्यूयॉर्क राज्यात मॉडेलच्या हक्कांचा कायदा २०२५च्या जूनपासून लागू झाला. एजन्सीने मुलीकडून आगाऊ अनामत घेऊ नये आणि करारनाम्याची प्रत तिला द्यावी, अशा तरतुदी त्यात आहेत. हे सारे कायदे त्या धंद्यातल्या मुलींनी स्वतः तोंड उघडले म्हणून झाले. आपल्या निषेधसभांनी यांतला एकही झाला नाही.

या तरतुदी दूरच्या वाटतील. त्या दूरच्या नाहीत. काही वर्षांपूर्वी आमच्या ओळखीतल्या एका मुलीला पुण्यात एका हॉटेलात 'निवडीसाठी' बोलावले. छायाचित्रांच्या संचाचे, प्रशिक्षणाचे, नोंदणीचे म्हणून पैसे घेतले. आईने सोन्याच्या बांगड्या मोडल्या. छायाचित्रे मिळाली, काम कधीच मिळाले नाही, आणि मागाहून फोनही लागेना. ती मुलगी घरी हे सांगायला सहा महिने धजली नाही. का? फसवणाऱ्याची भीती नव्हती, "तिथे गेलीसच कशाला?" असे आपण विचारू, याची होती. आपला धाक फसवणाऱ्याच्या कामी आला. आजचा बाजार तर हॉटेलातही बोलवत नाही. तो मुलीच्या हातातल्या फोनमध्येच आहे. तिचे नाक सरळ करून, कातडी उजळून तो तिलाच तिचे चित्र दाखवतो आणि ती स्वतःच आपली परीक्षक होते.

या बाबतीत चर्चने काय सांगितले आहे, हे आपल्या मुलींना सांगण्याआधी आपण स्वतः वाचलेले बरे. पोप बारावे पायस यांनी १९५७च्या नोव्हेंबरात फॅशनविषयी विस्तृत भाषण केले. त्यांत शालीनतेचा आग्रह होताच. पण वस्त्राने आरोग्य राखावे आणि माणसाची शोभा वाढवावी, हेही त्यांनी न्याय्य मानले. आणि ते भाषण वस्त्रकार व व्यावसायिक यांच्या मेळाव्यापुढे होते. जबाबदारीचा मोठा वाटा बनवणाऱ्याच्या पदरात टाकलेला होता. १९९७ साली पोपपीठाच्या सामाजिक संपर्क परिषदेने जाहिरातींच्या नीतीवर पत्रक काढले. स्त्रीला वस्तू करून सोडणाऱ्या जाहिरातींचा निषेध त्यात जाहिरातदारांना उद्देशून आहे. आणि १८९१च्या 'रेरुम नोव्हारुम'पासून न्याय्य वेतन हा आपल्या सामाजिक शिकवणुकीचा पाया आहे. शरीर हे पवित्र आत्म्याचे मंदिर आहे, हे वचन आपण मुलींना किती वेळा ऐकवतो! त्या मंदिरावर पडदा आहे की नाही, एवढेच आपण पाहिले. ते उपाशी आहे का, गहाण पडले आहे का, त्याच्या भिंतींना त्यांच्याच रंगाची लाज वाटायला आपण शिकवले का, हे विचारले नाही.

"म्हणजे बाई, मुलींना खुशाल जाऊ द्यावे असे तुम्ही म्हणता?" हा आक्षेप येणारच. माझे उत्तर असे. अल्पवयीन मुलीला जाऊ देऊ नये, यात मला तिळमात्र शंका नाही. सज्ञान स्त्रीचा निर्णय तिचा आहे. पण तिला एकटीने निर्णय घ्यावा लागू नये. तिने जाण्यापूर्वी तिच्या वडीलधाऱ्यांनी शांतपणे बसून विचारावे: करारनामा कोठे आहे आणि तो वाचला का? पैसे तू देणार की ते देणार? वजन किती सांगितले आहे आणि जेवतेस काय? काम सुटले तर हाती दुसरी कोणती विद्या आहे? आणि काही विपरीत घडले तर रात्री दोन वाजता फोन कोणाला करशील? शेवटच्या प्रश्नाला तिने आपले नाव घेतले, तर आपण पालक म्हणून उत्तीर्ण झालो. तिने आपले नाव घेतले नाही, तर शालीनतेवरची आपली सारी प्रवचने फुकट गेली.

आणि आपल्यासाठी एक मागणी. आपल्या विवाह-मंडळांच्या वह्यांतून, आपल्या नियतकालिकांतील वधू-वर सूचनांतून 'गोरी' आणि 'सडपातळ' हे शब्द काढून टाकावेत. संपादकांनी ते छापू नयेत. धर्मगुरूंनी ते नोंदवून घेऊ नयेत. पाहायला जाणाऱ्यांनी मुलीला उजेडात उभे करू नये. याला कायदा लागत नाही, निदर्शने लागत नाहीत, पैसाही लागत नाही. एवढे करण्याची आपली तयारी नसेल, तर पॅरिसच्या आणि मुंबईच्या बाजाराला नावे ठेवण्याचा आपल्याला अधिकार नाही.

त्या प्रार्थनेच्या घरी मी पुढच्या आठवड्यात पुन्हा जाणार आहे. ते वडीलधारे गृहस्थही येतील. त्यांच्या नातीचे स्थळ पाहणे चालू आहे आणि नोंदवहीसाठी चार ओळी लिहून द्या, असे त्यांनी मलाच सांगितले आहे. मी त्या लिहिल्या आहेत: वय, शिक्षण, नोकरी, स्वभाव आणि ती भजनमंडळात गाते हे. रंग लिहिलेला नाही. ते रागावतील, हे मला ठाऊक आहे.